सगळ्या मशीनवर माझीच एसटी

प्रॅक्टिकल परीक्षेच्या आदल्या दिवशी आमच्या बीडच्या कॉलेजातल्या कॉम्प्युटरांना व्हायरस लागला. मी रोज बसायचो ते खिडकीजवळचं मशीन तेवढं वाचलं. त्याचा फ्लॉपी ड्राइव्ह बिघडलेला, म्हणून बाहेरचं काही त्यात शिरलंच नव्हतं. त्याच कारणाने माझ्या प्रोजेक्टची दुसरी प्रतही कुठे नव्हती. बाकीच्यांची प्रोजेक्टं आपापल्या फ्लॉपीत होती.

लॅबच्या सरांकडे एक सॉफ्टवेअर होतं. एका मशीनच्या डिस्कची हुबेहूब प्रत, म्हणजे इमेज, काढायची आणि नेटवर्कवरून सगळ्यांवर एकदम उतरवायची. आधीचं मात्र सगळं पुसलं जायचं. सरांनी आधी करून ठेवलेली जुनी इमेज बाहेर काढली; ती उतरवली असती तर माझं मशीनही पुसलं गेलं असतं.

मित्राने मला कोपराने ढोसलं. "बोल की बे. उद्या काय दाखवशील, रिकामा पडदा?"

"सर, माझं प्रोजेक्ट त्याच्यात हाय," मी कसंबसं म्हणालो.

"मग तुझ्याच मशीनची इमेज घेऊ की! चांगलं चालतंय ना ते?"

आमच्या घरात कॉलेजात गेलेला मी पहिलाच. माझ्या एका वाक्यावर कुणी बेत बदलेल, असं मला वाटलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी बाहेरगावच्या परीक्षकांनी पहिलं मशीन सुरू केलं. पडद्यावर रोमन अक्षरांत 'श्री' आलं आणि खाली प्रश्न, कुठल्या गावाला जायचं? दुसऱ्यावर तेच, तिसऱ्यावरही तेच. तो माझा एसटीच्या वेळापत्रकाचा प्रोग्रॅम होता. घरी कुठल्याही लिखाणाआधी श्री काढतात, म्हणून मीही काढला होता; मशीन लावताच तो आपोआप उघडावा, ही माझी हौस. इमेजबरोबर तीही सगळीकडे गेली होती.

"सगळ्यांनी एकाचंच उतरवलंय?" परीक्षक कडाडले.

सर पुढे झाले. "उतरवलं कुणीच नाही. मीच वाटलंय. चूक माझी. मूळ ह्या मुलाचं."

परीक्षकांनी मला बसवलं. "तुझं असेल तर पाटोद्याची एक गाडी वाढवून दाखव."

मी प्रोग्रॅममध्ये पाटोद्याची ओळ घातली आणि गाडी लागली. पडद्यावर वेळ दिसली तेव्हा ते नुसतं "बरं" म्हणाले आणि त्यांनी सही केली.

पोरांसमोर, परक्या माणसासमोर सरांनी माझ्यासाठी चूक अंगावर घेतली होती. आभार कसे मानतात ते मला ठाऊक नव्हतं. मी पाया पडायला वाकलो.

"ते नंतर," सर म्हणाले. "आधी सगळ्या मशीनवरून तुझी एसटी काढ. बाकीच्यांची परीक्षा व्हायचीय."