दुसरा रकाना

डिचोली तालुक्यात कुणाचाही सत्कार असो, नाट्यस्पर्धा असो, रक्तदान शिबिर असो, माइक फिरत फिरत माझ्याच हातात येतो. शाळेतून निवृत्त होऊन दहा वर्षं झाली, पण मास्तरांचा आवाज काही निवृत्त होत नाही, असं लोक म्हणतात आणि ते ऐकून मी अजूनही सुखावतो. त्यामुळे पाळी गावच्या मोटोक्रॉसचं, म्हणजे मातीतल्या मोटरसायकल शर्यतींचं, निवेदन माझ्याकडे आलं तेव्हा मला मुळीच नवल वाटलं नाही. सात हंगाम मी त्या लाल धुळीत बसून गळा फाडला. आणि त्या खेळात माझ्या डोळ्यांसमोर जो सगळ्यात भारी माणूस होता, त्याचं पूर्ण नाव त्या सात हंगामांत एकदाही माझ्या तोंडातून निघालं नाही.

तुषार त्याचं नाव. मूळचा दोडामार्गाकडचा. आता पेडण्यात केरीच्या किनाऱ्यावर असतो, होड्या वर ओढणाऱ्या ट्रॅक्टरवर. अडतीस-एकोणचाळिशीचा, बुटका, खांद्यात रुंद. त्याच्याविषयी लिहायचं म्हणजे मला आधी खेळ समजावून सांगायला हवा, कारण पाळीबाहेर तो अजून फारसा कुणाला ठाऊक नाही.

मोटरसायकलच्या डाव्या बाजूला लोखंडी पट्ट्यांचा एक पाट जोडलेला असतो. पाटाला तिसरं चाक. बसायला सीट नाही, धरायला दोन-तीन कड्या, बस्स. पुढे हँडल धरून एक जण गाडी चालवतो आणि दुसरा त्या पाटावर उभा राहतो. तो उभा राहतो म्हणणंसुद्धा खोटं आहे. वळण डावीकडे आलं की पाटाचं चाक उचलायला बघतं, तेव्हा तो बाहेर इतका लोंबकळतो की पाठ मातीला लागेल. वळण उजवीकडे आलं की क्षणात चालवणाऱ्याच्या पाठीमागून चढून मागच्या चाकावर आपलं वजन टाकतो. उंचवट्यावरून गाडी उडाली की गुडघे मऊ ठेवून सगळा धक्का स्वतःच्या अंगात घेतो. त्याचं अर्ध्या क्षणाचं चुकलं तरी दोघे उताणे. लोक मात्र हँडलवाल्याकडे बघतात. मीही तेच करत होतो.

तुषारला हे कुणी शिकवलं नाही. तो पाळीच्या रुद्रेशच्या टिपरवर क्लीनर होता. खनिजाचे ट्रक ज्यांनी आमच्या रस्त्यांवर पाहिलेत त्यांना सांगायला नको, डाव्या दारातून अर्धा बाहेर लोंबकळणारा क्लीनर म्हणजे ड्रायव्हरचा डावा डोळा. गटार किती बोटं लांब आहे, समोरून येणाऱ्याचा आरसा लागतो की नाही, हे तो पत्र्यावर थाप मारून सांगायचा. एक थाप म्हणजे थांब, दोन म्हणजे चल. रुद्रेश आणि तुषार यांनी अशी नऊ वर्षं काढली. तोंडाने फार बोलण्याची त्यांना गरजच पडली नाही.

मग खाणी बंद पडल्या. टिपर रुद्रेशच्या अंगणात उभा राहिला आणि त्याच्या चाकांभोवती गवत आलं. बाकीचे क्लीनर गावी गेले. रुद्रेशला कुठल्याशा व्हिडिओत अशा पाटाच्या गाड्यांची, साइडकारची, शर्यत दिसली आणि त्याचं डोकं फिरलं. डिचोलीत गेट-ग्रील बनवणाऱ्या एका वेल्डरकडून त्याने पाट जोडून घेतला, आणि दोडामार्गाला फोन करून तुषारला बोलावून घेतलं. रुद्रेशच्या बाजूने बोलायचं तर एवढंच, की त्याला दुसरं कुणी सुचलंसुद्धा नाही. डंपच्या माथ्यावर, जिथे पूर्वी खनिजाची माती ओतली जायची, तिथे गावच्या मोटोक्रॉस क्लबने ट्रॅक आखला. पहिल्या वर्षी साइडकारच्या दोन गाड्या होत्या, पुढे सात झाल्या. दर हंगामात चार शर्यती, आणि चॅम्पियन बहुतेक वेळा रुद्रेश.

मी ओरडायचो, "आणि ही आली रुद्रेशची गाडी." रुद्रेशच्या गळ्यात पदक पडायचं, हार पडायचा, फोटो निघायचा. तुषार तोवर गाडी पाण्याने धुवायला घेऊन गेलेला असायचा. माझ्या हातातल्या नोंदणीच्या कागदावर गाडीचा नंबर आणि चालकाचं नाव असे दोनच रकाने होते. जे कागदावर ते माइकवर, हा माझा धर्म. आता हे लिहिताना मला माझा राग येतो, पण तेव्हा मी त्याच धर्माची फुशारकी मारत होतो.

गेल्या हंगामातली तिसरी शर्यत जिंकल्यावर तुषार माझ्या टेबलाशी आला. कानापासून मानेपर्यंत लाल झालेला. हातात मोबाइल.

"मास्तरांनू, ह्या बघा जरा."

परदेशातली कुठली तरी अजिंक्यपदाची शर्यत होती. शर्यत संपून दोन जण फळीवर चढले होते, दोघांच्याही गळ्यात सारखीच पदकं. खाली नावंही दोघांची.

"थंय दोगांव चॅम्पियन म्हणतत," तो म्हणाला. "माका पदक-बिदक नको. पण तुमी माइकार एकदा माजा नाव घेतलास तर बरा वाटात. घरवाली इचारता, तू थंय करतस काय. काय सांगू तिका?"

असं कुणी मागितलं की मी विरघळतो. माझ्यातला शिक्षक जागा झाला, त्याला न्याय आठवला. मी क्लबच्या समितीपुढे गेलो, तो व्हिडिओ दाखवला, छान भाषण ठोकलं. साइडकार हा दोघांचा खेळ आहे, चॅम्पियन दोघेही, तेव्हा शेवटच्या शर्यतीपासून कागदावर नावाचा दुसरा रकाना हवा, पदकं दोन हवीत, प्रमाणपत्रं दोन हवीत. कुणाचं काही जात नव्हतं. सगळ्यांनी मान डोलावली. रुद्रेशही तिथे होता, त्यानेही डोलावली. मी तुषारला फोन करून सांगितलं.

"तर मग कोमलेक हाडतंय," तो म्हणाला. कोमल म्हणजे त्याची बायको. सात वर्षांत ती एकदाही डंपवर आलेली नव्हती.

मला वाटलं होतं, मी एका माणसाला त्याचं स्थान मिळवून दिलं. प्रत्यक्षात मी काय केलं ते ऐका. जोवर त्या पाटावरच्या माणसाला नाव नव्हतं, तोवर ती जागा तुषारची होती. बाहेर लोंबकळून तोंडात माती घ्यायला दुसरं कोण येणार होतं? तिला नाव मिळालं, प्रमाणपत्र मिळालं, आणि त्याच दिवशी ती जागा रुद्रेशच्या घरच्यांच्या डोळ्यांत भरली.

रुद्रेशच्या थोरल्या भावाचा मुलगा साईश. पदवी घेऊन दोन वर्षं घरी बसलेला, सरकारी नोकरीचे अर्ज भरत. खेळातलं चॅम्पियनचं प्रमाणपत्र अर्जाला लावलं तर उपयोगी पडेल, असं कुणीतरी त्या घरात बोललं असणार. तुषारला कळवण्यात आलं की गाडी वेल्डरकडे आहे, सरावाला यायची गरज नाही. गाडी वेल्डरकडे नव्हतीच. ती डंपच्या पलीकडच्या उतारावर महिनाभर साईशला घेऊन फिरत होती.

शर्यतीच्या आदल्या संध्याकाळी नोंदणीचा कागद माझ्या हातात आला. नवाकोरा, तीन रकान्यांचा, माझ्याच सूचनेवरून छापलेला. पहिल्या नावाच्या रकान्यात रुद्रेश. दुसऱ्या नावाच्या रकान्यात साईश. मी रुद्रेशला बाजूला घेतलं.

"तुषाराक सर्टिफिकेट घेवन कितें करपाचें आसा, मास्तर?" तो म्हणाला. अगदी शांतपणे, मलाच समजावत. "ताका खंय नोकरेक अर्ज करपाचो आसा? साईशाचें जिवीत मार्गाक लागतलें. आनी तुषार आमच्या घरचोच मनीस न्हय? तो रागार जावचो ना."

"रागावणार नाही म्हणतोस, पण त्याला सांगितलंस का?"

"तुमी सांगात. तुमचें तो आयकता."

मी सांगितलं नाही. मोबाइल हातात घेतला, नंबर काढला आणि ठेवून दिला. मनाशी म्हटलं, हे मालकाचं आणि त्याच्या माणसाचं प्रकरण, मी कोण मध्ये पडणार. भित्र्या माणसाला असे शिष्टाचार फार लवकर आठवतात.

सकाळी तुषार स्कूटरवर कोमलला घेऊन आला. ती चांगलं जरीकाठी लुगडं नेसली होती, धुळीत यायचं म्हणून पदर घट्ट खोचला होता. त्याने तिला मंडपात माझ्या टेबलाशेजारच्या बांकावर बसवलं. "हंयसून नीट ऐकाक येतला," असं तिला म्हणाला. मग बूट चढवले, एक एक पट्टा ओढून बांधला आणि गाडीकडे गेला.

पाटावर साईश उभा होता, नव्या हेल्मेटात. रुद्रेश इंजिन रेस करत राहिला, मान वर केली नाही. तुषार तिथे पाच-सहा श्वास उभा राहिला असेल. मग माझ्याकडे परत आला.

"रकान्यात कोणाचा नाव आसा?"

मी कागद त्याच्याकडे फिरवला. त्याने वाचला. हे त्याला कळायला वेळ लागला नाही.

"तुमका कालच ठावक होता?"

"होय," मी म्हणालो.

एवढं तरी खरं बोललो. तो जाऊन कोमलजवळ बसला. बूट काढले नाहीत. ती हळू आवाजात काहीतरी विचारत होती आणि तो समोर बघत होता.

शर्यत सुरू झाली. पहिल्याच डाव्या वळणावर साईश उशिरा बाहेर पडला, पाटाचं चाक हातभर उचललं, आणि बांकावर बसलेल्या तुषारचं अंग आपसूक डावीकडे झुकलं. ते मी पाहिलं आणि पुढचं निवेदन विसरलो. पुढच्या वळणावर तो उजवीकडे झुकला. अख्खी शर्यत तो बांकावर बसून खेळला. गाडी तिसरी आली.

पण आमच्याकडे चॅम्पियन ठरतो तो चार शर्यतींच्या गुणांवर. आधीच्या तिन्ही शर्यतींत ती पहिली आलेली होती, त्यामुळे तिसरा नंबरही पुरला. मी माइक तोंडाशी धरला. कागदावर होतं ते वाचलं. "या हंगामाचे साइडकार चॅम्पियन, रुद्रेश आणि साईश." सात वर्षांत पहिल्यांदाच मी दोन नावं एकत्र घेतली. कोमलने नवऱ्याकडे वळून पाहिलं. त्या बाईचा चेहरा मला आजही सोसत नाही.

दोघांच्या गळ्यात पदकं पडली, फोटो निघाले, आणि तेवढ्यात रुद्रेशने माझ्या हातात एक चिठ्ठी सरकवली. ही तयारी आधीचीच असावी, कारण शाल आणि नारळ ताटात मांडून आणले होते. चिठ्ठीत लिहिलं होतं, आमच्या घरचा माणूस तुषार याने आजवर केलेल्या सेवेबद्दल सत्कार, साईशच्या हस्ते. चोरट्या मनाने केलेली ही भरपाई होती हे मला कळत होतं. तरीही माझा हात सवयीने वर गेला आणि मी वाचू लागलो.

"यानंतर सत्कारमूर्ती श्री. तुषार..."

इथे मी अडकलो. सत्कारमूर्तीचं नाव पूर्ण घ्यायचं, बापाच्या नावासकट, आडनावासकट, हे मी तालुक्यातल्या प्रत्येक नवख्या निवेदकाला शिकवलेलं आहे. चिठ्ठीत आडनाव नव्हतं. मला ते ठाऊक नव्हतं. सात वर्षं हा माणूस माझ्या टेबलासमोरून जात-येत होता आणि मी त्याला कधी विचारलं नव्हतं. मी रुद्रेशकडे पाहिलं. नऊ वर्षं टिपरवर, सात वर्षं गाडीवर. रुद्रेशने साईशकडे पाहिलं. साईशने शाल या हातातून त्या हातात घेतली.

"तुषार म्हणात फकत," रुद्रेश कुजबुजला. माइक चालू होता, ते सगळ्या मंडपाला ऐकू गेलं.

तुषार उठला. ते जड बूट घालूनच पायऱ्या चढून वर आला. साईशने शाल उघडून धरली होती, तिच्या बाजूने तो माझ्याकडे आला आणि माझ्या हातातून माइक घेतला. मी दिला. त्याचा आवाज माझ्यासारखा नव्हता, माइक किती लांब धरायचा हेही त्याला ठाऊक नव्हतं.

"तुषार नारायण गवस," तो म्हणाला. "पयल्या तीन शर्यतींक पाटार मी होतंय."

माइक त्याने परत माझ्या हातात ठेवला, खाली उतरला, कोमलला घेतलं आणि दोघे स्कूटरकडे चालू लागले. मंडपात कुणी हलेना. अशी शांतता मला सहन होत नाही, आयुष्यभर ती भरून काढायचंच काम केलं आहे. मी माइक तोंडाशी नेला आणि म्हणालो, "जोरदार टाळ्या होऊन जाऊ द्या." आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.