सही केलेला सातवा परिच्छेद

हिंजवडीजवळच्या जांबे गावातलं घर मी सोडलं तेव्हा कॅब दारात उभी होती आणि सासूबाई पायरीवर. चार वर्षांची ओवी माझ्या कडेवर होती. त्यांनी ओवीच्या पायातली निसटलेली चप्पल नीट घातली आणि म्हणाल्या, "पोरीला उपाशी नको ठिवू."

याच घरी मी वाशीमहून आले होते, भाडेकरू म्हणून. हिंजवडीत नोकरी लागली तेव्हा वडील एसटी स्टँडवर म्हणाले होते, "तिथं आपलं कोणी नाही, जपून राहा." पहिल्याच आठवड्यात घरमालकीणबाईंनी कालवण-भाकरी पाठवायला सुरुवात केली आणि दोन वर्षांनी मी त्यांची सून झाले. ओवी सहा महिन्यांची असताना मी पुन्हा कामावर रुजू झाले. शिफ्ट माझ्या, पोर त्यांच्या मांडीवर.

नवऱ्याशी, विकासशी, पटेनासं झालं. त्यात दोष दोघांचा. पण कोर्टात ओवीच्या तात्पुरत्या ताब्याचा अर्ज करायची वेळ आली, तेव्हा वकिलांनी विचारलं, "त्या घरी मुलीला धोका होईल असं काही घडलंय का?" मी एक प्रसंग सांगितला. ओवी एकदा खेळता खेळता अंगणातल्या हौदापर्यंत गेली होती आणि सासूबाईंनी धावत जाऊन तिला धरलं होतं. प्रतिज्ञापत्राच्या सातव्या परिच्छेदात त्याचं 'आजीचे वारंवार दुर्लक्ष, मुलीच्या जिवास धोका' झालं. मी ते वाचलं. सही केली.

निकाल लागेपर्यंत ताबा मला मिळाला. विकासला महिन्यातून दोन शनिवार, कोर्टातल्या मुलांच्या खोलीत, दोन तास. पहिल्या शनिवारी त्याच्याबरोबर सासूबाईही आल्या. ओवी त्यांच्या गळ्यात पडली. तिला तशीच धरून त्या मला म्हणाल्या, "विकासनं वाचून दावलं मला. मी पोरीकडं बगत न्हवते व्हय गं?"

त्या दिवसांत ओवी आमच्या नव्या फ्लॅटजवळ, महाळुंग्याच्या पाळणाघरात सातपर्यंत असायची आणि मी ऑफिसच्या कॉलवर. एकदा पोचले तेव्हा ती एकटीच उरली होती, बूट घालून, दप्तर पाठीला लावून बसलेली. तिथल्या ताई म्हणाल्या, "तासभर झाला, दप्तर काढूच देत नाही."

दुसऱ्या दिवशी मी वकिलांना तो परिच्छेद मागे घ्यायला सांगितलं. "ताबा जाऊ शकतो," ते म्हणाले. तरी मी अर्ज दिला आणि पुढच्या तारखेला न्यायाधीश बाईंनी विचारलं, "मग आधी सही का केलीत?"

"मुलगी माझ्याकडे राहावी म्हणून," मी म्हणाले.

त्या बराच वेळ लिहीत राहिल्या. ताबा माझ्याकडेच राहिला, पण दर आठवड्याला शुक्रवार संध्याकाळ ते रविवार ओवी जांब्याला राहील असा आदेश झाला. मी सासूबाईंना फोन केला, माफी मागितली. "बरं," एवढंच म्हणाल्या.

त्याला आता वर्ष होत आलं. ओवी जांब्याला 'घर' म्हणते आणि आम्ही राहतो त्याला 'फ्लॅट'. मी तिला सुधारत नाही. वाशीमहून आई विचारते, "मग तुझं घर कुठलं गं?"

रविवारी ओवीला आणायला मी फाटकाबाहेर थांबते. मागच्या रविवारी ऊन कडक होतं. सासूबाई बाहेर आल्या.

"आत ये म्हनायला मन हुत न्हाई अजून," त्या म्हणाल्या. "पर उन्हात नको हुबी ऱ्हाऊ."

मी फाटकाच्या आत, भिंतीच्या सावलीत जाऊन उभी राहिले. आईनं पुन्हा विचारलं तर सांगायला माझ्याकडे सध्या तेवढीच जागा आहे.