त्याच्या दुकानातलं स्टूल

सीताबर्डीच्या एका गल्लीत कूलर दुरुस्त करणारा एक मिस्त्री आहे. तो कधी नजरेला नजर देत नाही. दोन प्रश्न एकदम विचारले की त्याचे हात थांबतात, म्हणून मी एकेकच विचारतो. मोटर उघडताना तो स्क्रू ओळीने कापडावर मांडतो. कुणी एखादा हलवला, की पुन्हा पहिल्यापासून.

दुकानात एकच स्टूल, पण त्यावर तो कुणाला बसू देत नाही. मी एकदा कारण विचारलं.

"थो बसते तिथं," मोटरकडे बघतच तो म्हणाला. "शाळेपासून माह्या मांगं लागला हाये. म्हणते, तुहं डोकं उलटं, तुले काही जमत नाही. हाकललं तं जात नाही. मंग म्या म्हटलं, बस गा तिथं, मले काम करू दे."

काम करता करता तो रिकाम्या स्टुलाकडे वळून "झालंच, झालंच" म्हणायचा. गिऱ्हाइकं हसायची. एकदा मीही हसलो होतो.

परवा गेलो, तर त्याने स्टूल पुसून माझ्यापुढे सरकवलं.

"आणि तो?"

"चार दिवस झाले, आला नाही."

"मग चांगलंच झालं की!"

तो स्क्रू मांडत राहिला. "हो जी. पण दुकान लय सुनं लागून राहिलं."

माझा कूलर तयार होता. तरी मी बसून राहिलो.