यल्लूबाईची एक मिनिटाची शांतता

दुपारी जेवून एडिटिंगच्या खोलीत डोळा लागतो, ती काही झोप नव्हे, नुसती गुंगी. समोर पडद्यावर खाणमालक श्रीमंतराव तोंड उघडं ठेवून थांबलेत. "आमच्या खाणीत आजवर एकही माणूस दगावलेला नाही," एवढं म्हणून. पाच वाजता ही फिल्म चॅनेलला पाठवायची आहे. चॅनेलची अट एकच: मालक ठेवा, यल्लूबाईची साक्ष काढा. मी काढली. झालं, सुटले एकदाची, असं स्वतःला बजावतेय.

"सरक की जरा," कुणीतरी म्हणतं.

शेजारच्या खुर्चीत यल्लूबाई. त्याच खाणीवर खडी फोडायची. छातीत दगडाची भुकटी साठून गेल्या पौषात वारली. मी मातीलाही गेले नाही. शूटिंग होतं ना माझं!

"यल्लूबाई, तुम्ही?"

"मग कोन? माजं बोलनं कुटं हाय?"

"काढावं लागलं हो."

"समदं?"

"सगळं."

"न्हाई समदं. नीट ऐक."

खोलीला आता भिंती नाहीत. आम्ही खाणीच्या तळाशी बसलोय आणि तिथंच मालकांचा सोफा आहे, काचेचा टीपॉय आहे. मालक ओठ हलवताहेत, शब्द येत नाहीत. येते ती फक्त शब्दांखालची शांतता. ती कुणाची, हे मला कळतं.

तुम्हाला सांगते. मुलाखत संपली की आम्ही समोरच्याला मिनिटभर गप्प बसवतो आणि त्या जागेची शांतता रेकॉर्ड करतो. आवाजाचे जोड बुजवायला ती लागते. यल्लूबाई मांडीवर हात ठेवून मुकाट बसली होती. मालकांना "गप्प बसा" म्हणायची माझी छाती झाली नाही. मग त्यांच्या बोलण्याखाली हिचीच शांतता घातली. खोकला तेवढा पुसून घेतला.

"माजा दाल्ला सुरुंगात गेला, त्ये काढलंस," ती म्हणते. "आन् माजं गप बसनं त्येच्याखाली हातरलंस व्हय गं?"

"चुकलं माझं."

"चुकलं न्हाई. भ्यालीस."

मला रागच येतो. मेलेल्या माणसानं इतकं खरं बोलू नये. "फिल्मच दाखवली नाही तर तुमचं ऐकणार कोण?" मी ओरडते. "सहा वर्षं गेलीत माझी यात!"

"माजा मानूस गेला."

ती उठते, माझ्या तोंडावर तळहात दाबते. खरखरीत, गार. "आता तू बस. मिन्टभर."

वर शिट्टी वाजते, सुरुंग उडवायच्या आधी वाजते तशी. माणसं पळताहेत. मला हलता येत नाही. यल्लूबाई पळत नाही, माझ्याकडे बघत उभी राहते. मला फार भीती वाटते.

फोन वाजतोय. चार वीस झालेत. पंखा फिरतोय. मी फोन उचलते, चॅनेलचे सामंत विचारताहेत, "काय मॅडम, पाठवताय ना?"

"बाईंची साक्ष परत घालतेय," मी म्हणते. "घ्यायची तर घ्या, नाहीतर राहू द्या."

बोलताना दातांखाली कचकन काहीतरी येतं. मी तळहातावर थुंकते. काळ्या दगडाची कपची आहे, ओली, टोकदार. जीभ कापलीय. सामंत पलीकडून हॅलो, हॅलो करताहेत.