पान सरळ दिसतंय का

मी चौथीपर्यंत शिकले. तरी दोन वर्षं वेबसाइट तपासायचं काम केलं, आणि बरं केलं.

नवरा गेल्यावर जुन्या जालन्यातल्या दोन खोल्यांत मी एकटीच होते. मुलगी पुण्याला वेबसाइट बनवायची. तिनं तिचा जुना कम्प्युटर माझ्याकडं आणून ठेवला. इंटरनेटवरची पानं ज्यातून बघतात त्याला ब्राउझर म्हणतात. तिच्याकडं नवे होते, माझ्या कम्प्युटरवर जुना. नव्यात सरळ दिसणारं पान जुन्यात मोडायचं. म्हणून रोज संध्याकाळी ती सांगेल ते पान मी उघडून बघायचे. इंग्रजी येत नव्हतं, पण वाकडं कळायचं. केदारखेड्याला आमच्या शेतात पेरणीच्या पाभरीची ओळ जरा सरकली तरी मी बांधावरून सांगायचे.

नेट आणि फोन एकाच तारेवर. पान बघून झालं की नेट बंद करायचं, मग तिचा फोन यायचा.

"सरळ दिसतंय का, आई?"

"डावीकडचा चौकोन खाली पडलाय. फोटोच्या डोक्यावर अक्षरं बसलीत."

"अजून?"

"अजून, तू जेवलीस का?"

"आई, पानाचं सांग."

बोलणं पानाचंच व्हायचं. पण रोज व्हायचं.

मग तिला जालन्यातल्या एका बियाण्याच्या व्यापाऱ्याचं काम मिळालं. ती वेबसाइट बघणारे सगळे इथलेच दुकानदार. जुन्या ब्राउझरसाठी पानं वेगळी जुळवायला तिचे आठ-आठ दिवस जायचे. ती म्हणाली, "तिथं जुना किती जण वापरतात ते बघून ये. बरेच असले तर ठेवते, नाहीतर जुना सगळीकडंच सोडते."

सोडला तर माझं काम संपणार, हे मला कळत होतं. तिला कळलं का, माहीत नाही.

ब्राउझर जुना की नवा ते त्याच्या नंबरावरून कळतं, तो कुठं दिसतो ते तिनं सांगितलं. कम्प्युटर दिसेल त्या दुकानात मी शिरले.

"मावशी, काय बघून राह्यल्या?" एका धान्यवाल्यानं विचारलं.

"तुमच्या कम्प्युटरचा नंबर."

"सोयरीक जमवून राह्यल्या का त्याची?"

"आधी त्याचं तोंड पुसा. असल्या धुळकट नवऱ्याला पोरगी कोण देतंय?"

सगळीकडं नवाच निघाला. जुना फक्त एका कापडवाल्याकडं होता. त्याच्या कम्प्युटरवर साड्यांचे गठ्ठे होते. ते उतरवून त्यानं तो माझ्यासाठी चालू केला.

परत येताना मनात आलं, दहा-बारा दुकानांत जुनाच आहे म्हणून सांगावं. ती पुण्याहून थोडीच बघायला येणार होती! तेवढ्यात घरी पोचले आणि फोन वाजला.

"किती, आई?"

"एक. तोबी गठ्ठ्याखाली."

"मंग सोडते."

"सोड."

"बरं झालं बाई. आता जरा लवकर झोपता येईल."

ती इतकी दमत होती, हे दोन वर्षांत मी विचारलं नव्हतं. विचारायचे ते फक्त जेवणाचं.

दुसऱ्या दिवशी फोन आला नाही. आठवड्यानं आला, दोन मिनिटांचा. व्यापाऱ्याचं पान तयार झाल्यावर मी ते एकदा उघडलं. चौकोन खाली, फोटो अर्धा. सवयीनं कागदावर लिहून ठेवलं. कुणी विचारलं नाही.

त्यानंतर संध्याकाळी मी नेट लावलं नाही. नेट लावलं की फोनची तार अडते.