उजवी नक्की कुणाची?

जगात कुठलीही वस्तू मरत नाही, माणसंच तिच्यावरचा विश्वास लवकर सोडतात, असं मनापासून मानणारा एकच इसम मला भेटला. रोह्याला राहणारे आमच्या हिचे मामा. एका कंपनीत इलेक्ट्रिकच्या खात्यात त्यांनी उभी हयात काढली आणि निवृत्त झाल्यावर सगळी आळी हेच आपलं खातं मानलं. शेजाऱ्यांनी फेकून दिलेल्या मिक्सरच्या मोटारीवर त्यांनी देव्हाऱ्यातली घंटा बसवली होती. ती अशा वेगानं वाजायची, की आरती म्हणणाऱ्यांना धाप लागायची आणि प्रसाद मात्र लवकर हातात पडायचा. कोलाडला एका नातलगाच्या लग्नात ऐन मंगलाष्टकांच्या वेळी लाऊडस्पीकर बंद पडला, तेव्हा मामा कोऱ्या सदऱ्यासकट मांडवामागे शिरले. लाऊडस्पीकर लागला, पण त्यानं कुठलंसं रेडिओ स्टेशन पकडलं, आणि भटजींच्या ‘सावधान’पाठोपाठ मच्छीमारांनी समुद्रात जाऊ नये, अशी सूचना सगळ्या वऱ्हाडानं ऐकली. मामा बाहेर येऊन म्हणाले, “सल्ला काय वाईट नाय.” नवरामुलगा सोडून सगळे हसले.

अशा या माणसानं एकदाच हार मानली, ती घरातला टीव्ही गेम जळाला तेव्हा. त्याची हकिगत मामींपासून सांगायला हवी. मामी पेणच्या, गणपतीच्या कारखान्यात वाढलेल्या. दरवर्षी श्रावणाआधी त्या भावाच्या कारखान्यात जायच्या आणि मूर्तींचे डोळे रंगवायच्या. या कामाला तिकडे आखणी म्हणतात आणि ते कुणाही ऐऱ्यागैऱ्याला देत नाहीत. नव्वदच्या दशकाच्या मध्याला त्यांना अर्धांगाचा हलका झटका आला. चालणंबोलणं सुधारलं, पण उजवा हात रुसून बसला. डॉक्टरांनी दाबायला रबरी चेंडू दिला. तो दाबायचा मामींना इतका कंटाळा, की एके दिवशी त्यांनी तो शेजारच्या कुत्र्याला देऊन टाकला. मग मामांनी मुलाचा जुना टीव्ही गेम माळ्यावरून काढून दुरुस्त केला, त्याचा रिमोट मामींच्या हातात दिला आणि पडद्यावरच्या ठेंगण्या शिपायाला उड्या मारायला लावायच्या नादात मामींचा अंगठा हळूहळू हलू लागला. तेवढ्यात एका दुपारी व्होल्टेज वाढलं आणि गेम जळून कोळसा झाला. मामांनी उघडून पाहिलं आणि आयुष्यात पहिल्यांदाच म्हणाले, “हा गेला.” मामी पुन्हा हात मांडीवर ठेवून गप्प बसायला लागल्या.

मुलानं मुंबईहून आपला जुना कॉम्प्युटर पाठवला. त्यात तसलाच शिपाई होता, पण कीबोर्डवर मामींची बोटं अडखळायची. “ही बटनं माझ्या हाताची नाय,” म्हणून त्या उठल्या. झालं. रिमोट जिवंत आहे आणि कॉम्प्युटरही जिवंत आहे, तर त्यांची सोयरीक का जमू नये, असं मामांच्या डोक्यानं घेतलं. पेणचा कॉम्प्युटरवाला म्हणाला, “काका, याचा सांधा त्याला बसत नाय.” मामा म्हणाले, “सांधा बसवावा लागतो.” कॉम्प्युटरच्या एका मासिकाबरोबर आलेल्या सीडीवर त्यांना हवा तो प्रोग्रॅम सापडला. प्रिंटर जोडायच्या खोबणीत रिमोटाच्या तारा नेल्या, की बटणांची भाषा कॉम्प्युटरला कळते, एवढं त्यांना उमगलं आणि त्यांनी तारांना डाख द्यायची, म्हणजे कथिलानं जोडायची, डाखणी तापवायला ठेवली.

मी गेलो तेव्हा मामा टेबलामागे आडवे झालेले आणि मामी पडद्यासमोर बसलेल्या. मामा तार टेकवायचे आणि ओरडायचे, “कुठं गेला?” वर आणि खाली झटक्यात जमलं. अडलं ते डाव्या-उजव्याला. मामी सांगायच्या, “उजवीकडं.” मामा ती तार उजवीची म्हणून डाख द्यायचे, बाहेर येऊन उजवं बटण दाबायचे, आणि शिपाई डावीकडे पळायचा. तारा बदलून पुन्हा विचारलं की मामी म्हणायच्या, “आता डावीकडं जातोय.” मामा पुन्हा बदलायचे. कित्येक दिवस हेच चाललं होतं. मामांचा चेहरा उतरला होता आणि मामी तर म्हणाल्या, “जाऊ द्या, माझ्या हाताच्या नशिबात नाय ते.”

मी मामींच्या शेजारी बसलो. मामांनी तार टेकवली, शिपाई पडद्याच्या डाव्या कडेला गेला आणि मामी शांतपणे म्हणाल्या, “उजवीकडं.”

“मामी, हे डावं झालं.”

“तुमचं डावं. त्याचं तोंड आपल्याकडं हाय ना? मग ती त्याची उजवी.” मग माझी कीव येऊन त्या म्हणाल्या, “जावईबापू, गणपती उजव्या सोंडेचा म्हणतो तेव्हा उजवी कुणाची धरतो? त्याचीच ना?”

टेबलामागून डोकं आपटल्याचा आवाज आला आणि मामा हसत बाहेर आले. “एवढी वर्षं संसार केला,” ते म्हणाले, “आणि हिची उजवी कुठली ते मला ठाऊक नाय.” शेवटचा डाख त्यांनी आपली, म्हणजे बघणाऱ्याची, उजवी धरून दिला. मामींनी रिमोट धरला. शिपाई पहिल्यांदा खड्ड्यात पडला, पुन्हा पडला, आणि मग मामींचा अंगठा वेळेवर वाकला. शिपाई खड्डा ओलांडून पलीकडे उतरला. मामा गूळ-खोबरं घेऊन साऱ्या आळीत फिरले. “मारली उडी,” एवढंच सांगायचे. कुणी मारली हे कुणालाच कळलं नाही, पण गूळ सगळ्यांनी खाल्ला.

पुढच्या श्रावणात मामी पेणला गेल्या आणि फक्त घरच्या गणपतीची आखणी करून आल्या. एक डोळा अंमळ मोठा झाला होता. त्याबद्दल चकार शब्द काढायची मामांनी कुणाला मुभा ठेवली नाही. विसर्जनाला ते मूर्ती घेऊन कुंडलिका नदीत कमरेइतक्या पाण्यात उतरले आणि तसेच उभे राहिले. बाकीचे लोक गणपती पोचवून घरी निघाले, तरी यांचे हात सुटेनात. शेवटी घाटावरून मामींनीच हाक मारली, “अवो, सोडा आता. पुढल्या वर्षी परत आखीन की.” तेव्हा कुठे त्यांनी मूर्ती पाण्यात ठेवली. ती पुढली वर्षं फार मिळाली नाहीत, पण मिळाली तेवढी सगळी वर्षं त्या घरातला गणपती मामींच्याच हातच्या डोळ्यांनी बघत होता.