लादीची फारकत

आमच्या घरातली पहिली लादी मी स्वतः उभा राहून बसवून घेतली, म्हणून ती फुटली. हे वाक्य माझ्या बायकोचं. पण इतक्या वर्षांनी ते मान्य करायला माझी हरकत नाही.

मी खोपोलीच्या एका कारखान्यात कारकून होतो. तिथल्या धडधडाटात माझी एक समजूत झालेली: पक्कं म्हणजे सिमेंट, आणि जास्त पक्कं म्हणजे जास्त सिमेंट. खालापूरजवळच्या आमच्या घरात जुन्या कोब्यावर मोझॅकची लादी घालायची ठरली, तेव्हा मी गवंड्याला म्हटलं, "अशी चिकटव, की पहारीनंही निघू नये." त्यानं तशी चिकटवली. दुसऱ्या पावसाळ्यानंतर ओटीपासून स्वयंपाकघराच्या दारापर्यंत भेग गेली आणि तिची एक कड नखभर वर आली.

त्या कडेला आईचा पाय अडला. मोतीबिंदूमुळे तिला अंधुक दिसायचं, घर ती पायांनीच ओळखायची. पडली. हाड वाचलं, पण धीर गेला. तिनं स्वयंपाकघरात जाणंच सोडलं. खाटेवर चहा नेऊन दिला की म्हणायची, "हातात च्या देत्यात तो पावन्याला. मी कवा जायची हाय माज्या घरी?"

मला मात्र त्या भेगेनं झपाटलं. लादी फुटायची तर वेडीवाकडी फुटावी, ही इतकी सरळ कशी? मी भेगेवर आरशाचा तुकडा आडवा ठेवून सिमेंटनं पक्का केला. महिन्याभरात तो तडकला. म्हणजे खाली काहीतरी अजून हलत होतं. एका रविवारी मी पोटावर पालथा पडून भेगेवर सुतळी ताणली आणि तोच रोख धरून बाहेर निघालो. अंगण, गोठा, कुंपण. सुतळी थेट मागच्या भातखाचराच्या बांधाला जाऊन भिडली. मी धावत आत आलो.

"आये, आपल्या घराखाली बांध आहे!"

"हाय तर. त्याच बांधाव बसून भाकर खायची मी लावणीला. अर्धं घर कातळाव, अर्धं भरावाव. तुज्या बापानं खाचर बुजवलं तवा तू रांगत व्हतास."

"मग सांगितलं का नाहीस?"

"तू इचारलंस कवा? काच चिकटवत बसलास."

मग कर्जतकडचा एक म्हातारा गवंडी आणला. त्यानं थापीच्या दांड्यानं सगळी जमीन ठोकून ऐकली आणि म्हणाला, "भराव दबतो, कातळ दबत नाय. त्यांच्या भांडनात लादी कशाला मरंल? फारकत करा दोघांची."

खाटेवरून आईचा आवाज आला, "कुनाची फारकत रं?"

"लादीची आणि जमिनीची, आई," बायको म्हणाली. "माझी अजून नाही."

जुनी लादी उखडली. कोब्यावर डांबरी कागदाचे दोन थर आले, कुठंही न चिकटवता, नुसते अंथरलेले. त्यावर खुराड्याला लावतात तसली तारेची जाळी पोटात घेऊन सिमेंट-वाळूच्या मालाचा जाड थर, आणि त्यावर लादी. मी दर थराला "पण चिकटणार कशाला?" असं विचारत होतो. शेवटी गवंडी वैतागला. "शेट, चटई काय जमिनीला चिकटवून झोपता?" भिंतीच्या कडेनं त्यानं चहूबाजूंनी बोटभर फट सोडली आणि उद्या पट्टी लावून झाकतो, असं सांगून तो गेला.

संध्याकाळी ती फट मला बघवेना. बादलीत थोडा माल उरला होता. म्हातारा माणूस, उद्या विसरला तर, असं म्हणून मी थापी उचलली. हातभरही भरलं नसेल.

"काय घासतोस रं?"

"काही नाही आये, फट बुजवतोय."

"काढ."

"अगं, पण..."

"त्यानं सांगितलेलं मी आयकलंय. भित गच्च धरंल, मंग लादी पुन्ना फुटंल. बापानं खाचर बुजवलं, तू फट बुजव. काढ ते आदी."

मी ओला माल चमच्यानं कोरून काढला. बायको चमचा परत मागायला उभीच होती.

पुढचा पावसाळा गेला. कोपऱ्यातल्या भिंतीच्या गिलाव्याला केसासारखी चीर आली. मी रोज गुडघ्यांवर बसून लादी तपासत होतो. लादी होती तशीच होती. एका सकाळी आई खाटेवरून उठली. पाऊल घासत, अंगठ्यानं चाचपत निघाली. चाचपत चाचपत स्वयंपाकघराचं दार मागं टाकून थेट भिंतीला जाऊन टेकली.

"बांध कुटं गेला रं? ती कड पायाला लागली की वळायचं व्हतं मला."

मी हात धरायला पुढं झालो. तिनं तो झटकला, वळली, चौकट हातानं शोधून आत गेली. थोड्या वेळानं पातेल्याचं झाकण वाजलं.

"साकर कुटं ठेवलीस गं?"

त्या दिवशी चहा आम्हाला हातात मिळाला. फार गोड झाला होता. आम्ही तो शेवटच्या घोटापर्यंत प्यालो.